घाट लागायच्या आधी ब्रेक तपासा: डॉ. वाय. व्ही. रेड्डी यांच्याकडून छोट्या व्यावसायिकाने काय शिकावं?



मागच्या काही व्हिडिओंच्या खाली एक प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत पुन्हा पुन्हा येतोय. "सर, धंदा चांगला चाललाय, बँकही कर्ज द्यायला तयार आहे, दुसरं दुकान टाकू का?" प्रश्न चांगला आहे. पण तो विचारणाऱ्यांपैकी फार थोडे जण पुढचा प्रश्न विचारतात: "आणि सहा महिन्यांनी विक्री निम्मी झाली तर?"

धंदा बहुतेक वेळा मंदीत बुडाला असं आपल्याला दिसतं. खरं तर तो तेजीतच बुडायला लागलेला असतो. तेजीत घेतलेली मोठी जागा, तेजीत वाटलेली उधारी, तेजीत लावून घेतलेले हप्ते. मंदी येऊन फक्त हिशेब मागते. हे नीट समजावं म्हणून आज मी तुम्हाला एका अर्थतज्ज्ञाची कारकीर्द सांगणार आहे. त्यांनी दुकान चालवलं नाही. देशाच्या बँकांची बँक चालवली, तीही आपल्या मुंबईत, मिंट रोडवर बसून.

डॉ. यागा वेणुगोपाल रेड्डी. सप्टेंबर 2003 ते सप्टेंबर 2008 ही पाच वर्षं रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर. तारखा लक्षात ठेवा. त्या पुढे कामाला येणार आहेत.

आधी माणूस समजून घेऊ

रेड्डी यांचा जन्म 1941 चा, आंध्रातल्या कडपा जिल्ह्यातला. शिक्षण अर्थशास्त्राचं, पुढे त्याच विषयात उस्मानिया विद्यापीठाची पीएचडी. 1964 मध्ये ते आयएएस झाले. जिल्हाधिकारी, राज्याचा अर्थ विभाग, नियोजन, जागतिक बँकेतली काही वर्षं, मग दिल्लीत केंद्रीय अर्थ मंत्रालय. म्हणजे पुस्तकातलं अर्थशास्त्र आणि तहसील कचेरीतलं अर्थशास्त्र, दोन्ही पाहिलेला माणूस.

1990-91 मध्ये ते अर्थ मंत्रालयात होते, आणि तेही परदेशी देण्याघेण्याचा ताळेबंद पाहणाऱ्या विभागात. ही वेळ कोणती होती ते तुमच्या वडिलांना विचारा. देशाच्या तिजोरीत डॉलर इतके कमी उरले होते की जेमतेम काही आठवड्यांची आयात भागली असती. तेल, खत सगळं बाहेरून येणार, आणि द्यायला पैसे नाहीत. शेवटी जुलै 1991 मध्ये रिझर्व्ह बँकेने सुमारे 47 टन सोनं विमानाने इंग्लंडला पाठवलं. ते तारण ठेवून सुमारे 40 कोटी डॉलर उभे राहिले.

रेड्डी यांनी नंतर आपल्या आत्मचरित्रात यातला एक किस्सा सांगितलाय. विमानतळाकडे सोनं नेणाऱ्या गाडीचा टायर वाटेत फुटला आणि सुरक्षा रक्षकांची धांदल उडाली. आज वाचताना हसू येतं. पण घरातलं सोनं गहाण ठेवायला सोनाराकडे जाताना बाईच्या पोटात काय कालवतं, हे आपल्याकडे कोणाला सांगायला नको. इथे तर देशाचं सोनं निघालं होतं.

ते कर्ज फिटलं, देश सावरला. पण ज्यांनी ती वेळ टेबलाच्या आतल्या बाजूने पाहिली, त्यांच्यासाठी 'राखीव पैसा' हा शब्द पुस्तकी राहिला नाही.

गोव्यातलं भाषण

1996 मध्ये रेड्डी रिझर्व्ह बँकेचे डेप्युटी गव्हर्नर झाले. ऑगस्ट 1997 मध्ये गोव्यात परकीय चलनाचे व्यवहार करणाऱ्या मंडळींची बैठक होती. तिथल्या भाषणात त्यांनी आकडेवारीच्या आधारे सूचित केलं की रुपया त्याच्या खऱ्या ताकदीपेक्षा महाग आहे. पुढच्या दिवसांत बाजार हलला, रुपया घसरला. चलन बाजारात ते 'गोव्याचं भाषण' म्हणून आजही ओळखलं जातं.

महिनाभर आधीच थायलंडचं चलन कोसळलं होतं आणि आशियातलं संकट सुरू झालं होतं. आपल्याकडे अजून आग लागलेली नव्हती. तेव्हाच कडू गोष्ट बोलून दाखवली गेली. नको असलेली गोष्ट वेळेआधी करायची, हा या माणसाच्या कामाचा धागा आहे. गव्हर्नर झाल्यावर तो आणखी ठळक झाला.

सगळे पळत होते तेव्हा

2003 ते 2008 हा काळ आठवा. तुमच्यातले काही तेव्हा शाळेत असाल. 2005-06 पासून सलग तीन वर्षं देशाची वाढ 9 टक्क्यांच्या वर. शहराबाहेरच्या शेतजमिनींचे भाव रोज नवे. फ्लॅटला कर्ज, गाडीला कर्ज, क्रेडिट कार्ड तर रस्त्यात उभं राहून वाटत होते. सेन्सेक्स जानेवारी 2008 मध्ये 21,000 ला टेकला.

अशा वेळी रेड्डींच्या रिझर्व्ह बँकेने काय केलं? तीन गोष्टी. तिन्ही सोप्या करून सांगतो, कारण तिन्ही आपल्याला दुकानात वापरायच्या आहेत.

पहिली, सीआरआर. बँकेत लोकांनी 100 रुपये ठेवले, तर त्यातले ठरावीक रुपये बँकेने रिझर्व्ह बँकेकडे ठेवायचेच. ते कर्जाऊ द्यायचे नाहीत, त्यावर धंदा करायचा नाही. रेड्डी आले तेव्हा हे प्रमाण साडेचार टक्के होतं. ते थोडं थोडं वाढवत ऑगस्ट 2008 च्या अखेरीस 9 टक्क्यांवर नेलं. म्हणजे दुप्पट.

दुसरी, जोखमीचं वजन. कोणतं कर्ज किती धोक्याचं, त्यानुसार बँकेने स्वतःचं भांडवल बांधून ठेवायचं. व्यापारी बांधकामांसाठी दिलेल्या कर्जाचं वजन 100 टक्के होतं. ते जुलै 2005 मध्ये 125 आणि मे 2006 मध्ये 150 टक्के केलं. अर्थ साधा: 'बिल्डरला द्यायचं तर द्या, पण त्यासाठी स्वतःचा खिसा जास्त खोल ठेवा.'

तिसरी गोष्ट मला सगळ्यात आवडते. बुडीत कर्जासाठी तरतूद तर सगळेच करतात. इथे चांगल्या कर्जांसाठीही, म्हणजे हप्ते वेळेवर येत असतानाच, जास्त तरतूद करायला लावली. वैयक्तिक कर्जं, क्रेडिट कार्डाची येणी, जमीन-बांधकामाची कर्जं यांच्यासाठी ती जानेवारी 2007 मध्ये 2 टक्क्यांवर नेली.

आता तुम्ही म्हणाल, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या असतील. अजिबात नाही. बँका नाराज, बिल्डर नाराज. रिझर्व्ह बँक जुनाट विचारांची आहे, वाढीच्या आड येतेय, अशी टीका झाली. अर्थमंत्र्यांशी मतभेद झाले, ते त्यांनी 2017 मध्ये आलेल्या आत्मचरित्रात लिहिलेत. आणि टीका पूर्ण खोटीही नव्हती. 2008 च्या उन्हाळ्यात महागाई चढली, व्याजदर वाढले, रेपो दर 9 टक्क्यांवर गेला. छोट्या व्यावसायिकाच्या सीसीचं व्याजही त्याबरोबर चढलं. ब्रेक दाबला की गाडीतल्या सगळ्यांनाच धक्का बसतो.

आणि मग घाट लागला

सप्टेंबर 2008 च्या पहिल्या आठवड्यात रेड्डी निवृत्त झाले. डॉ. दुव्वुरी सुब्बाराव गव्हर्नर झाले. 15 सप्टेंबरला अमेरिकेत लेहमन ब्रदर्स ही बँक दिवाळखोरीत गेली आणि जगभर पैशाचा ओघ गोठला. ऑक्टोबरमध्ये आपला सेन्सेक्स 9,000 च्या खाली आला.

इथे तारखा पुन्हा बघा. ज्या माणसाने पाच वर्षं साठवलं, तो खुर्चीतून उठला होता. साठवलेलं वापरलं त्याच्या नंतर आलेल्याने. सुब्बाराव यांनी ऑक्टोबर 2008 ते जानेवारी 2009 या काळात सीआरआर 9 वरून 5 टक्क्यांवर आणला. तेवढ्या एका गोष्टीने सुमारे 1 लाख 60 हजार कोटी रुपये बँकांच्या हातात मोकळे झाले. वाढवलेली तरतूद आणि जोखमीची वजनंही नोव्हेंबरमध्ये खाली आणली.

विचार करा, सीआरआर साडेचारवरच असता तर? चार टक्के कुठून कमी करणार होते?

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. भारत सावरला तो एकट्या रेड्डींमुळे नाही. आपल्या बँकांचा पैसा मुख्यतः देशातल्याच ठेवीदारांचा होता, सरकारी बँकांचा वाटा मोठा होता, अमेरिकेतल्या त्या विषारी कर्जरोख्यांत आपल्या बँका फारशा अडकल्या नव्हत्या. आणि धक्का बसलाच नाही असंही नाही. निर्यात घटली, नोकऱ्या गेल्या, सुरतेच्या हिरे कारागिरांनी ते दिवस भोगले. पण अमेरिका-युरोपात बँका कोसळत होत्या, तेव्हा आपल्याकडे बँकेच्या दारात पैसे काढायला देशभर रांगा लागल्या नाहीत. त्यात या पाच वर्षांच्या सावधपणाचा वाटा होता, हे पुढे जगानेही मान्य केलं.

आता आपल्या दुकानाकडे या

समजा तुमचा फराळ-मसाल्याचा व्यवसाय आहे. वर्षातले दहा महिने दरमहा 2 लाख रुपये जमा होतात. दिवाळीच्या आसपासचे दोन महिने 5-5 लाख. जागेचं भाडं, दोन माणसांचा पगार, वीज, कर्जाचा हप्ता मिळून महिन्याला 55,000 रुपये काहीही झालं तरी द्यावेच लागतात.

गल्ल्याचा सीआरआर ठरवा. साध्या महिन्यात जमा रकमेच्या 4 टक्के, म्हणजे 8,000 रुपये बाजूला. दिवाळीच्या महिन्यांत 9 टक्के, म्हणजे 45,000. आता बेरीज करा. दहा महिन्यांचे 80,000, दोन महिन्यांचे 90,000. एकूण 1 लाख 70 हजार. तुमचा तीन महिन्यांचा ठरलेला खर्च 1 लाख 65 हजार. म्हणजे एका वर्षात तुम्ही तीन महिन्यांचा श्वास साठवला. आणि यातला निम्म्याहून जास्त पैसा फक्त दोन महिन्यांतून आला! म्हणूनच हंगामात टक्का वाढवायचा, कमी करायचा नाही. आपण नेमकं उलटं करतो. हंगामात हात सैल सोडतो आणि ओढाताणीच्या महिन्यात बचतीचा विचार करतो.

टक्का मात्र तुमच्या नफ्याला झेपेल असा ठेवा. किराणा घाऊक विकणाऱ्याचा नफाच पाच-सहा टक्के असेल, तर त्याने 9 टक्के काढू नयेत, एक-दोन टक्क्यांवर सुरू करावं. आणि हा पैसा रोजच्या करंट खात्यात ठेवू नका. दुसऱ्या बँकेत, ज्या खात्याचं एटीएम कार्ड खिशात नाही आणि यूपीआय जोडलेलं नाही, अशा खात्यात ठेवा.

मग गिऱ्हाईकांना वजन द्या. सगळी उधारी सारखी नसते. महिन्याच्या आत देणाऱ्याचे 100 रुपये म्हणजे 100. तीन-तीन महिने लावणाऱ्या केटररचे किंवा ठेकेदाराचे 100 रुपये म्हणजे 150 धरा. उधारीची एकूण मर्यादा 2 लाख ठरवली असेल, तर त्या केटररची 60,000 ची उधारी वहीत 90,000 म्हणून मोजा. मर्यादा लवकर भरेल. भरू दे. तुमचा निम्मा माल एकट्या त्याच्याकडे जायला लागला की आपण मोठे झालो असं वाटतं. खरं तर तेव्हा तुमच्या गल्ल्याची किल्ली त्याच्याकडे गेलेली असते.

तिसरं, चांगल्या उधारीवरही तरतूद करा. "तो आपला जुना माणूस आहे, त्याचे पैसे कुठे जातात?" हे वाक्य मी रोज ऐकतो. जुना माणूसही आजारी पडतो, त्याचाही माल अडकतो. वेळेवर येणाऱ्या उधारीच्या 2 टक्के रक्कम आधीच वेगळी काढा. बुडालं तर झळ कमी, नाही बुडालं तर वर्षाच्या शेवटी पैसा तुमचाच.

राखीव पैसा उघडायचा कधी?

हा मुद्दा बहुतेक जण सोडून देतात. 2004 मध्ये देशाकडे डॉलरचा साठा चांगला वाढला होता. तेव्हा एक कल्पना चर्चेत आली की यातला काही पैसा रस्ते, वीज अशा पायाभूत कामांसाठी वापरावा. हेतू चांगलाच होता. रिझर्व्ह बँक मात्र सावध राहिली. हा साठा अडचणीसाठी आहे, ही तिची भूमिका.

तुमच्याकडेही हे होणार. दीड लाख जमले की दुकानाला नवं फर्निचर हवंसं वाटेल, साडूची कार कमी किमतीत मिळत असेल, घाऊक व्यापारी "एकरकमी उचला, सूट देतो" म्हणेल. म्हणून नियम आजच लिहून ठेवा. उदाहरणार्थ: सलग दोन महिने जमा रक्कम नेहमीच्या तीस टक्क्यांनी कमी झाली, मोठं येणं नव्वद दिवसांच्या वर अडकलं, किंवा घरात आजारपण आलं, तरच हात लावायचा. त्या कागदावर स्वतःची सही करा आणि घरातल्या एका माणसाची घ्या. सहसा बायकोची किंवा आईची घ्या, त्या नियम मोडू देत नाहीत.

आणि खरंच ती वेळ आली तर मात्र पैसा उघडा. काही जण राखीव पैसा इतका जपतात की तो बँकेत पडून राहतो आणि इकडे कारागीर सोडून जातो. ऑक्टोबर 2008 मध्ये पहिल्याच झटक्यात सीआरआर 9 वरून साडेसहावर आणला होता. संकटासाठी साठवलेलं संकटात वापरायचंच असतं.

खुर्ची सुटल्यावरही काम

रेड्डींचं पुढचं एक काम तुमच्या गावात तुम्ही नक्की पाहिलंय. नवीन गटार, पेव्हर ब्लॉक किंवा अंगणवाडीच्या भिंतीवर '14 वा वित्त आयोग निधी' असं लिहिलेली पाटी आठवते? त्या चौदाव्या वित्त आयोगाचे अध्यक्ष डॉ. रेड्डी होते. केंद्राच्या करांतला राज्यांचा वाटा 32 वरून 42 टक्के करण्याची शिफारस त्याच आयोगाची, आणि 2015 पासूनच्या पाच वर्षांत ग्रामपंचायतींकडे गेलेला मोठा निधीही त्याच शिफारशींतला. शिवाय गव्हर्नर असताना 2005 मध्ये त्यांनी किमान शिल्लक नगण्य असलेली साधी बचत खाती सुरू करायला बँकांना सांगितलं, आणि जानेवारी 2006 मध्ये बँकांना गावोगाव प्रतिनिधी नेमायची परवानगी दिली. आज आपण ज्यांना 'बँक मित्र' म्हणतो, त्यांची वाट तिथून सुरू झाली.

सावध माणूस म्हणजे घाबरट माणूस, हा आपल्या मनातला गैरसमज इथे दूर व्हायला हरकत नाही. जिथे गरज होती तिथे त्यांनी दारं उघडली, आणि जिथे सगळे पळत होते तिथे ब्रेकवर पाय ठेवला.

या आठवड्याचं काम

वही घ्या. गेल्या बारा महिन्यांची जमा रक्कम महिनावार लिहा. सगळ्यात चांगल्या दोन महिन्यांना गोल करा. त्या दोन महिन्यांत तुम्ही किती टक्के बाजूला काढले होते? उत्तर शून्य आलं तर घाबरू नका, तुमच्यासारखे खूप आहेत. फक्त पुढचा हंगाम कधी आहे ते बघा, आणि त्याच्या आधी तुमचा टक्का आणि तुमचा नियम कागदावर उतरवा.

आणि दुसरं दुकान? टाका, जरूर टाका. आधी पहिल्या दुकानाचा तीन महिन्यांचा खर्च वेगळ्या खात्यात जमू द्या. कर्ज देणारी बँक तेव्हाही असेल, आणि ती शिल्लक पाहून कदाचित जरा जास्तच आदराने चहा पाजेल.

तुमच्या गल्ल्याचा सीआरआर किती ठरवलात, ते व्हिडिओच्या खाली नक्की लिहा. पुढच्या भागात उधारी वसुलीचं वेळापत्रक कसं लावायचं ते बघू. तोपर्यंत, धंदा सांभाळा आणि गल्लाही सांभाळा!